एका दिवसाचा अजिंठा : गाईडची गोष्ट आणि भिंतीवरचा लेख

प्राचीन स्थळे वाटाड्याच्या सोबतीने एका दिवसात पाहून येणे ही आधुनिक पर्यटनव्यवसायाने निर्माण केलेली रीत आहे, असा आपला साधारण समज असतो. अथेन्सहून सकाळी बसने निघावे, डेल्फी किंवा मायसीनी पाहावे, परवानाधारक मार्गदर्शकाचे निवेदन ऐकावे आणि रात्री मुक्कामी परतावे, हा कार्यक्रम आज जगभरच्या प्रवाशांना परिचित आहे. परंतु याच डेल्फीत सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वीही असेच वाटाडे होते आणि त्यांच्याविषयी अशाच तक्रारी होत्या. प्लूटार्क हा ग्रीक लेखक डेल्फीच्या मंदिराचा पुरोहित होता. तेथील भविष्यवाणीविषयीच्या त्याच्या एका संवादात काही मित्र एका पाहुण्याला डेल्फी दाखवीत आहेत. वाटाडे आपले ठरलेले भाषण म्हणून दाखवतात, ते आवरते घ्या अशी विनवणी केली तरी ऐकत नाहीत, आणि वाटेतला जवळजवळ प्रत्येक कोरीव लेख समजावून सांगत बसतात, असे प्लूटार्क नोंदवतो. इ.स.च्या दुसऱ्या शतकात ग्रीसचे दहा खंडांत वर्णन करणारा पॉसेनिअस आर्गोसच्या वाटाड्यांविषयी याहून मार्मिक निरीक्षण करतो. आपण सांगतो ते सगळे खरे नाही हे त्यांना स्वतःला ठाऊक असते, तरीही ते तेच सांगतात, कारण लोकांच्या मनात एकदा रुजलेले मत बदलणे सोपे नसते.

या दोन निरीक्षणांच्या प्रकाशात अजिंठ्याच्या सहलीकडे पाहावे, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. अजिंठ्याची लेणी म्हटली की अजिंठा गाव डोळ्यांसमोर येते. पण ते गाव सिल्लोड तालुक्यात आहे आणि लेणी मात्र सोयगाव तालुक्यात, लेणापूरच्या शिवारात, वाघूर नदीच्या नालाकृती वळणावर आहेत. छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) जिल्ह्याच्या उत्तर टोकाच्या या तालुक्यातील शाळा-महाविद्यालयांना अजिंठा ही 'घरची' सहल असते. घरच्या वस्तूकडे नीट पाहिले जात नाही, हा नियम येथेही लागू पडतो.

सहलीचा क्रम ठरलेला आहे. फर्दापूर फाट्यावर गाडी सोडायची, तेथून पुढचे सुमारे चार किलोमीटर पर्यटकांसाठीच्या बसने जायचे, पायऱ्या चढायच्या आणि पहिल्या लेण्यापासून सव्विसाव्या लेण्यापर्यंत दुपार टळण्याच्या आत पोहोचायचे. तीस लेण्यांपैकी प्रत्यक्षात पाहिली जातात ती सहा-सात : पहिले, दुसरे, नववे, दहावे, सोळावे, सतरावे आणि सव्विसावे. आत अंधार असतो. पूर्वी बाहेर आरसे किंवा पत्रे धरून सूर्यप्रकाश आत फिरवीत. आता चित्रांना बाधणार नाहीत असे मंद दिवे आहेत. प्रकाश कमी आणि वेळ त्याहून कमी, अशा स्थितीत पाहणाऱ्याला आधार असतो तो गाईडच्या शब्दांचा. अजिंठ्यात आपण डोळ्यांनी पाहतो त्याहून अधिक कानांनी ऐकतो, असे म्हटले तर ती अतिशयोक्ती होणार नाही. म्हणूनच साहित्याच्या अभ्यासकाने या निवेदनाकडे एक संहिता म्हणून पाहायला हवे. तिला आरंभ आहे, नायक आहेत, प्रेमकथा आहे, आणि मौखिक संहितेप्रमाणे ती तोंडोतोंडी घडत आली आहे.

या संहितेचा आरंभ ठरलेला असतो. मद्रास लष्करातील जॉन स्मिथ नावाचा एक इंग्रज अधिकारी वाघाच्या शिकारीला आला, समोरच्या कड्यावरून त्याला झाडोऱ्यात दडलेली कमान दिसली आणि हजार वर्षे हरवलेले अजिंठे सापडले. दिनांक २८ एप्रिल १८१९. या कथेला भक्कम पुरावा आहे, कारण स्मिथने आपले नाव आणि दिनांक दहाव्या लेण्यातील एका खांबावर, तेथील चित्रावरच, कोरून ठेवला आहे. तो लेख आज माणसाच्या नजरेच्या बराच वर दिसतो; स्मिथ साचलेल्या राडारोड्यावर उभा होता. म्हणजे ज्या दिवशी लेणे 'सापडले' त्याच दिवशी ते विद्रूपही झाले, ही विसंगती आपल्याला सहसा खटकत नाही.

'शोध' हा शब्द मात्र तपासून घ्यायला हवा. स्मिथला वाट दाखवणारा एक गुराखी पोरगा होता, असे गाईड स्वतःच सांगतात. वाट ठाऊक असलेला पोरगा तेथे असेल, तर लेणी हरवली होती ती कोणाला? ज्याच्या शिवाराचेच नाव लेणापूर आहे, तेथील माणसांना लेणी म्हणजे काय हे कोणी परक्याने येऊन सांगण्याची गरज नव्हती. त्यांना चित्रांचा काळ, धर्म, कथा ठाऊक नसतील. जागा ठाऊक होती. 'शोध' या शब्दाने जागेचे ज्ञान आणि अर्थाचे ज्ञान यांतला भेद पुसला जातो आणि गुराखी पोरगा निनावी राहतो.

या संहितेचा सर्वांत जुना अंश सातव्या शतकातला आहे. चिनी यात्रेकरू युआन श्वांग (ह्युएन त्संग) इ.स. ६४१च्या सुमारास महाराष्ट्रात आला. देशाच्या पूर्व सीमेवरील डोंगरात एक संघाराम आहे, त्याच्या भिंतींवर बोधिसत्त्वाचे चरित्र कोरले आहे आणि प्रवेशद्वाराच्या दोन्ही बाजूंना दगडी हत्ती आहेत, असे त्याने लिहिले आहे. हे वर्णन अजिंठ्याचे असावे, असे अभ्यासकांचे सामान्यतः मत आहे; सोळाव्या लेण्याच्या पायथ्याशी कोरलेले हत्ती आजही दिसतात. तो स्वतः येथपर्यंत आला असेलच असे नाही. पण त्याने पुढे दिलेली माहिती रंजक आहे : हे हत्ती कधीकधी मोठ्याने चीत्कार करतात आणि तेव्हा भूमी कंप पावते, असे लोक सांगतात. हे वाक्य कोणा वाटाड्याचेच असणार! चित्रकाराचा हात थांबून दोन शतके होण्यापूर्वीच येथे दगडी हत्ती ओरडू लागले होते. स्थळ आणि त्याची गोष्ट यांचे नाते किती जुने आहे, हे यावरून ध्यानात यावे.

दुसऱ्या अध्यायात प्रेमकथा येते. मद्रास लष्करातील अधिकारी रॉबर्ट गिल १८४४ मध्ये अजिंठ्याच्या चित्रांच्या प्रतिकृती करण्यासाठी नेमला गेला. अजिंठा गावातील बारादरीत राहून त्याने अनेक वर्षे हे काम केले. त्याच्या बहुतेक प्रतिकृती लंडनजवळील क्रिस्टल पॅलेसला १८६६ च्या डिसेंबरात लागलेल्या आगीत जळाल्या. पुढे १८७२ ते १८८५ या काळात जे. जे. स्कूल ऑफ आर्टचे जॉन ग्रिफिथ्स आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी पुन्हा प्रतिकृती केल्या. त्यांतल्याही अनेक १८८५ मध्ये लंडनच्या साऊथ केन्सिंग्टन संग्रहालयातील आगीत नष्ट झाल्या. गिल १८७९ मध्ये वारला आणि भुसावळला पुरला गेला. त्याची सहचरी पारो हिची कबर मात्र अजिंठा गावात आहे. ती पटकीने २३ मे १८५६ रोजी वारली, असे त्या दगडावर गिलच्या नावाने कोरलेले आहे.

पारोविषयीचा खात्रीचा पुरावा म्हणजे हा दगड. पण गाईडच्या तोंडून जी पारो आपल्याला भेटते ती बोलते, नाचते, रुसते. ही पारो कोठून आली, याचे उत्तर साहित्याच्या विद्यार्थ्याला शोधावे लागत नाही. ना. धों. महानोर हे याच सोयगाव तालुक्यातील पळसखेड्याचे. त्यांचे 'अजिंठा' हे दीर्घकाव्य १९८४ मध्ये प्रसिद्ध झाले आणि त्यावर आधारित मराठी चित्रपट २०१२ मध्ये आला. गावात कुजबुजीच्या रूपात असलेल्या कथेला महानोरांनी देह दिला, भाषा दिली, रानाचा गंध दिला. ते कवीचे काम होते आणि कवीने ते केले. ऐतिहासिक पुराव्याची मागणी त्या काव्याकडे करणे अरसिकपणाचे ठरेल. परंतु काव्यातील पारो जेव्हा सहलीत 'इतिहास' म्हणून सांगितली जाते, तेव्हा दोहोंचे नुकसान होते. काव्य काव्य म्हणून वाचले जात नाही, आणि कोणत्याही कागदपत्रात आवाज न उरलेली एक खरी स्त्री, जिच्याविषयीचे मौनच बोलके आहे, ती कल्पितात विरून जाते.

चित्रांच्या नावांचेही असेच झाले आहे. सोळाव्या लेण्यातील एका चित्रापाशी सगळे थबकतात : 'मरणासन्न राजकन्या'. हे नाव एकोणिसाव्या शतकातील पाहणाऱ्यांनी आपल्या भावनेनुसार दिले. चित्रातली स्त्री मरत नाही. ती बुद्धाचा भाऊ नंद याची पत्नी सुंदरी आहे, आणि नंदाने प्रव्रज्या घेतल्याचे कळल्याने, त्याचा मुकुट समोर आलेला पाहून ती कोसळली आहे. अश्वघोषाच्या 'सौंदरनंदा'चा हाच विषय. 'मरणासन्न राजकन्या' म्हटले की करुण रसाचा एक सुटा तुकडा हाती लागतो. 'सुंदरी' म्हटले की वैराग्याची किंमत कोण चुकवते, हा प्रश्न समोर उभा राहतो.

पहिल्या लेण्यातील 'इराणी वकिलात' हे दुसरे उदाहरण. फर्ग्युसनने १८७९ मध्ये या चित्राचा संबंध चालुक्य सम्राट दुसरा पुलकेशी आणि इराणचा खुस्रो यांच्याशी जोडला. आपला राजा, परदेशी दूत, जगभर पसरलेली कीर्ती, असे हे चित्र कोणालाही हवेहवेसे वाटावे. पण लेणे पाचव्या शतकाचे आणि पुलकेशी सातव्या शतकातला, असे आता बहुतेक अभ्यासक मानतात. दृश्य जातककथेतले असावे, असा अर्थ पुढे आला आहे. तरीही पुलकेशी काही चित्रातून जायला तयार नाही. आर्गोसच्या वाटाड्यांविषयी पॉसेनिअस हेच तर म्हणत होता.

येथवर वाचून हा लेख गाईडवर्गावरील टीका आहे, असा समज होऊ नये. ऊन, गर्दी आणि मोजक्या मिनिटांच्या चौकटीत, चार भाषांतल्या पर्यटकांना रस वाटेल असे बोलत राहणे हे कौशल्याचे काम आहे, आणि परिसरातील अनेक घरे त्यावर चालतात. मुद्दा वेगळा आहे. या स्थळाला स्वतःचा आवाज आहे, तो भिंतींवर लिहून ठेवला आहे, आणि एका दिवसाच्या सहलीत तो ऐकला जात नाही.

सोळाव्या लेण्याच्या ओसरीबाहेर डाव्या हाताच्या भिंतीवर एक लांबलचक संस्कृत पद्यलेख आहे. वाकाटक राजा हरिषेण याचा मंत्री वराहदेव याने हे लेणे कोरविले, हे त्यात नमूद आहे आणि वाकाटकांची वंशावळही आहे. डॉ. भाऊ दाजी लाड, पंडित भगवानलाल इंद्रजी, ब्यूलर अशा थोर विद्वानांनी तो वाचला. दगड झिजलेला, अक्षरे उडालेली. त्यामुळे वंशावळीतील एक-दोन नावे वाकाटकांच्या मुख्य शाखेतील राजांची म्हणून लावली गेली. १९३९ मध्ये वाशीम येथे विंध्यशक्ती दुसरा याचा ताम्रपट मिळाला, काही संस्कृतात आणि काही प्राकृतात लिहिलेला. त्यातून वाकाटकांची वत्सगुल्म, म्हणजे वाशीमची शाखा स्वतंत्र होती हे उघड झाले. वा. वि. मिराशी यांनी त्या आधारे अजिंठ्याचा लेख पुन्हा तपासला आणि तेथे झिजलेल्या अक्षरांत एक नाव वाचले : सर्वसेन.

मराठीच्या अभ्यासकाने या नावापाशी थांबायला हवे. सर्वसेन हा केवळ शाखेचा संस्थापक नव्हता, तो कवी होता. महाराष्ट्री प्राकृतातील त्याचे 'हरिविजय' हे काव्य आज लुप्त आहे. सत्यभामेसाठी कृष्णाने पारिजात आणल्याची कथा त्यात होती. आनंदवर्धनासारख्या काव्यशास्त्रकारांनी त्याचा गौरवाने उल्लेख केला आहे, आणि 'गाथासप्तशती'तील काही गाथाही त्याच्या नावावर सांगितल्या जातात. राजशेखराने 'काव्यमीमांसे'त काव्यपुरुष आणि साहित्यविद्या यांचा विवाह लावून दिला तोही याच वत्सगुल्मात. महाराष्ट्री प्राकृत हा आपण मराठीच्या पूर्वपरंपरेचा भाग मानतो, अभ्यासक्रमात तिचा इतिहास शिकवतो, परीक्षेत त्यावर प्रश्न विचारतो. त्या परंपरेतील एका राजकवीचे नाव आपल्याच तालुक्यातील भिंतीवर आहे. ते कित्येक दशके चुकीचे वाचले गेले आणि एका मराठी संशोधकाने परत मिळवले. शिकारीला आलेल्या स्मिथच्या कथेपेक्षा ही शोधकथा तसूभरही कमी थरारक नाही. फरक इतकाच की तिच्यात वाघ नाही.

सतराव्या लेण्याचा लेखही असाच ओसरीत आहे. दात्याचे नाव दगडावर उरलेले नाही; वॉल्टर स्पिंक यांनी त्याला उपेंद्रगुप्त म्हटले आहे. हा हरिषेणाचा मांडलिक राजा. त्याला रविसांब नावाचा धाकटा भाऊ होता, तो अकाली गेला, आणि त्या दुःखातून अनित्यतेची जाणीव होऊन त्याने हे एका पाषाणातले मंडपरत्न घडविले, असा लेखाचा आशय आहे. त्याच्या आत छदंत हत्तीची कथा आहे, सर्वस्व देऊन टाकणारा वेस्संतर आहे. ओसरीतला लेख वाचून आत गेलेला माणूस त्या चित्रांकडे वेगळ्या नजरेने पाहील. भाऊ गमावलेल्या माणसाने त्यागाच्या कथा का काढवून घेतल्या असाव्यात, हा प्रश्न त्याला पडेल.

सव्विसाव्या चैत्यगृहाचा लेख बुद्धभद्र नावाच्या भिक्षूचा आहे. अश्मक देशाचा मंत्री भव्विराज हा त्याचा मित्र. त्याच्या आणि स्वतःच्या आईवडिलांच्या स्मरणार्थ त्याने हे लेणे दिले. जगात ज्याची आठवण उरते तो तोवर स्वर्गात सुखाने राहतो, म्हणून चंद्रसूर्य असेतोवर टिकेल असे स्मारक डोंगरात उभारावे, असा विचार त्यात आला आहे. अनित्यतेचा धर्म पाळणारा भिक्षू आठवणीच्या चिरंतनतेची इच्छा धरतो, हा अंतर्विरोध किती मानवी आहे! त्याच्या लेण्यातील महापरिनिर्वाणाच्या भव्य मूर्तीसमोर छायाचित्रे काढणाऱ्या गर्दीतील किती जणांना बुद्धभद्र हे नाव ठाऊक असते?

लेखांपासून साहित्याकडे जाणारी आणखी एक वाट आहे. दंडीच्या 'दशकुमारचरिता'तील विश्रुतचरितात विदर्भाचा सद्गुणी राजा पुण्यवर्मा, त्याचा विलासी मुलगा अनंतवर्मा, त्याला बहकवणारा विहारभद्र आणि कपटाने राज्य बुडवणारा अश्मकराज वसंतभानू येतात. या कथेत वाकाटकांच्या अखेरच्या दिवसांचे प्रतिबिंब असावे, असे मिराशींनी सुचविले. स्पिंक यांनी ते सूत्र पुढे नेऊन, बहुतेक उत्तरकालीन लेणी इ.स. ४६० ते ४८० या जेमतेम वीस वर्षांत कोरली गेली आणि हरिषेणाच्या मृत्यूनंतर काम एकाएकी थांबले, असे मांडले. सर्वांना हा कालक्रम मान्य नाही. मिराशींनी स्वतः हरिषेणाचा काळ थोडा पुढे, पाचव्या शतकाच्या शेवटच्या चतुर्थकात धरला होता. दंडी हा त्या घटनांनंतर सुमारे दोनशे वर्षांनी लिहिणारा कथाकार आहे, हेही विसरता येत नाही. पण साहित्यकृती इतिहासाचा पुरावा होऊ शकते का, झाली तर कोणत्या मर्यादेत, हा आपल्या वर्गातील जुना प्रश्न. त्याची चर्चा अर्धवट सोडलेल्या चोविसाव्या लेण्यासमोर उभे राहून करता येते, ही सोय फार थोड्यांना लाभली आहे.

डेल्फीचे वाटाडे सगळे कोरीव लेख वाचून दाखवतात, म्हणून प्लूटार्कचे मित्र कंटाळले होते. आपल्याकडे उलट स्थिती आहे. येथे लेख कोणी वाचत नाही आणि त्याची कोणाची तक्रारही नाही. ग्रीक प्रवाशाला लेखाची भाषा कळत होती; आपल्याला ती कळत नाही, हे कारण खरे असले तरी पुरेसे नाही. मिराशींचे ग्रंथ उपलब्ध आहेत, वाकाटकांवर त्यांनी मराठीतही लिहिले आहे. सोळाव्या, सतराव्या आणि सव्विसाव्या लेण्यांतील लेखांचा मराठी आशय चार पानांत मावेल. विद्यार्थ्यांनी तो आदल्या दिवशी वर्गात वाचावा, ओसरीत पाच मिनिटे उभे राहून मोठ्याने ऐकावा आणि मग गाईडबरोबर आत जावे. त्यासाठी सहलीला दुसरा दिवस लागत नाही. हे टिपण गाईडच्या हातीही द्यावे. वर्षानुवर्षे तीच गोष्ट सांगणाऱ्यालाही नवी गोष्ट हवी असते. आणि ज्यांना सवड असेल त्यांनी जंजाळ्याजवळची घटोत्कच लेणीही पाहावीत. लोकांनी त्यांना महाभारतातले नाव दिले. भिंतीवरचा लेख मात्र ती वराहदेवाची असल्याचे सांगतो आणि त्याचे घराणेही सांगतो. लोककथा आणि शिलालेख एकाच दारात उभे असलेले तेथे पाहायला मिळतात. दोहोंपैकी एकाला हाकलून लावण्याचे कारण नाही. हत्ती ओरडत होते हे ऐकावे, आणि ते हत्ती कोणी कोरविले हेही वाचावे.